टोपीतला पाव

"नुसतं थँक्यू म्हटलेलं नाही चालणार?" मेबलनं विचारलं.

"चारशे वर्षांत कुणाचं चाललेलं नाही," पाद्रीबाबा म्हणाले. "पाव घेताना ग्रॅमर्सीच म्हणायचं. या खोल्या बांधणाऱ्याच्या मृत्युपत्रातच आहे तसं."

"पण म्हणजे काय हो?"

"जुन्या फ्रेंचांकडून आलाय शब्द. मोठी मेहेर. पण त्याच्या मुळाशी मोबदला आहे. ज्याचं त्याला भरभरून मिळो, असं."

मागे रांगेत हेस्टर उभी होती. आपल्याला काय मिळायचं ते तिला ठाऊक होतं.

इंग्लंडात सफोकमधल्या या सहा धर्मादाय खोल्या फक्त विधवांसाठी. दर रविवारी गेलेल्या नवऱ्याची टोपी पसरायची, त्यात पाव घ्यायचा. हेस्टरची टोपी चर्चच्या जुन्या बाजारातली होती. तिचा नवरा रूबेन मेला नव्हता, तिला टाकून गेला होता. अकरा वर्षांपूर्वी जत्रेला म्हणून गेला, तो गेलाच. त्याची टोपीही डोक्यावरच गेली. अस्तर फाटलं म्हणून हेस्टरनं तिला आपल्या लग्नाच्या पिवळ्या झग्याचं ठिगळ लावलं होतं. टाकलेली म्हणवून घेण्यापेक्षा विधवा म्हणवणं सोपं होतं. शिवाय डोक्यावर छप्पर.

आणि ही मेबल, खरीखुरी विधवा, ओल्या तळघरात तीन वर्षं खोकत खोलीची वाट बघत बसली होती; आज कुठे तिला एक मिळाली होती.

आता पुरे. खोली सोडायची म्हणून हेस्टरनं सकाळीच गाठोडं बांधलं होतं. 'मला सगळ्यांसमोर काही सांगायचंय,' असं पाद्रीबाबांच्या कानावरही घातलं होतं.

"हेस्टरबाई, बघा ना," मेबल वळून म्हणाली. "चार वर्षं झाली नवऱ्याला जाऊन, तरी त्याची टोपी काढली की रडू येतं."

"येऊ दे की. इथं सगळ्याच रडतात. पाव जरा खारट लागतो, एवढंच."

मेबल डोळे पुसत हसली. पिशवीतून टोपी काढून तिनं ती उलटी धरली.

"ग्रॅमर्सी."

पाव पडायच्या आधी हेस्टरला अस्तर दिसलं. त्यावर पिवळं ठिगळ होतं. टाके वाकडे, तिच्याच हातचे.

मेबल पाव उराशी धरून बाजूला झाली.

"हं, हेस्टरबाई," पाद्रीबाबा म्हणाले. "काय सांगायचं होतं तुम्हाला?"

हेस्टरनं मेबलकडे पाहिलं. मग बाजारातली टोपी पुढे केली.

"मी विधवा आहे," ती म्हणाली.