थोरलेपणाचा दावा

दोघे जुळे भाऊ विद्यापीठात एकाच दिवशी कारकून म्हणून चिकटले. बढतीची जागा मात्र एकच निघाली, आणि नियम असा की रुजू व्हायची तारीख सारखी असेल तर वयाने मोठा तो ज्येष्ठ. दोघेही हट्टाला पेटून कोर्टात गेले. आधी कोण जन्मला हे सांगू शकेल अशी आता एकटी आईच उरली होती.

तिच्या साक्षीच्या आदल्या दिवशी दोघांतला चष्मेवाला तिला पढवायला घरी गेला, तर भाऊ आधीच तिचे पाय चेपत बसलेला. झालं, "थोरला मीच" म्हणत दोघांची जुंपली. एकाच्या चष्म्याचा चुरा झाला, दुसऱ्याचा दात पडला.

"नऊ महिने माझ्या पोटात मावलात रे मेल्यांनो, आणि एका ऑफिसात मावत नाही?" म्हणत आई मध्ये पडली. पण चष्मेवाल्याच्या डोक्यात सणक गेली होती. भावाच्या डोक्यात घालायला त्याने उचललेलं लोखंडी स्टूल आईच्या डोक्यात बसलं.

दोघांनी तिला उचलून दवाखान्यात नेलं. रक्ताने माखलेले शर्ट घालून ते दाराशी उभे होते, तेवढ्यात डॉक्टर बाहेर आले.

"ताबडतोब ऑपरेशन करावं लागेल. वाचतीलच असं नाही. सगळी जबाबदारी घेऊन थोरल्या मुलाने सही करायची आहे. तुमच्यात थोरला कोण?"



चष्मा नसतानाही चष्मेवाल्याचं बोट अचूक भावाकडे गेलं, आणि भावाचं त्याच्याकडे.