फोटोतले वळलेले कान

माझी घोडी मोरा तीन दिवस काही खात नव्हती. आई माँतेव्हिदेओ शहरात कामाला गेल्यापासून घरात मी आणि मोरा, आम्ही दोघीच.

शेवटी मी तिला गुरांच्या म्हाताऱ्या डॉक्टर एचेवेरींच्या गोठ्यात आणून बांधलं. त्यांच्याकडे जनावरांच्या वैद्यकाच्या मासिकाचे शंभरेक वर्षांचे अंक आहेत.

"शाळा सोडलीस, निदान फोटो तरी बघ, नीदिया," 'माते'चा कडू चहा नळीनं ओढत ते म्हणाले. "मोरासारखी लक्षणं दिसली तर सांग."

"बघतेय ना! टोमणे कशाला?"

गायी, घोडे, मेंढ्या. बऱ्या झालेल्यांचे कान कॅमेऱ्याकडे होते. खाली 'दगावली' लिहिलेल्या सगळ्यांचे मात्र डावीकडे. १९१२ सालीही, गेल्या वर्षीही.

"डॉक्टर, फोटो काढताना डावीकडे कोण उभं असतं?"

"कुणीच नाही," ते म्हणाले आणि अंक मिटून ठेवला.

मी गोठ्याकडे पळाले. मोरा भिंतीला टेकून उभी होती. तिचे दोन्ही कान डावीकडे, त्या भिंतीकडे.

"इकडे बघ गं! मी आलेय!" मी दोर ओढला, चिडले, शिवी दिली.

तिनं बघितलंच नाही. हळूच फुरफुरली, मला ढकलत भिंतीपासून सरकली आणि भिंतीच्या नि स्वतःच्या मधे एका माणसापुरती जागा केली.