हातापुरती आई

“ओवाळून टाकलेला तुकडा परत उचलून द्यायलेत बघ. ह्यांच्या घरी माणसं येतेत का न्हाई?” भिवराबाई शेजारच्या सरजाबाईच्या कानाशी पुटपुटली.

राणीसावरगावात, भिवराबाईच्याच दारात, मोटारीच्या जाहिरातीचं शूटिंग चाललं होतं. एकेकाळी गाजलेला, आता पिकलेला नट नव्या गाडीतून उतरत होता. लय वर्षांनी आईकडे आलेला मुलगा म्हणून. आई मुंबईहून आणली होती. पण तिला भाकरतुकडा ओवाळता येईना, आणि हातही तिचे फारच मऊ. म्हणून तोंड तिचं आणि हात भिवराबाईचे, असं ठरलं. सात वेळा ओवाळावं लागलं. भिवराबाईने सातही वेळा नवी भाकरी मोडली. उतरवलेली दृष्ट परत त्याच माणसाला लावायची का, म्हणाली.

दोन वर्षांपूर्वी सिमेंट केलेल्या भिंतीला त्या लोकांनी मातीचा रंग दिला. प्लास्टिकच्या खुर्च्या मागं नेऊन टाकल्या, पितळी घंगाळ आणून ठेवलं. घर अगदी शिवशंकर लहान होता तेव्हासारखं झालं. भिवराबाई बघतच राहिली.

शिवशंकर तिचा एकुलता. पुण्यात मोठ्या कंपनीत. पाच वर्षांत गावाकडे फिरकला नव्हता. कुणी विचारलं की ती म्हणायची, सुट्टी मिळंना त्याला. गावही मान डोलवायचं. सरजाबाई तर शेजारधर्म म्हणून तिच्याआधीच सांगून टाकायची.

हात द्यायला ती एकाच आशेवर तयार झाली. तिच्या उजव्या मनगटावर विंचू गोंदलेला होता. तो विंचू मुठीत धरल्याशिवाय शिवशंकर लहानपणी झोपत नसे. टीव्हीवर तो विंचू दिसला की लेक मिळेल त्या एसटीने येईल, असा तिचा हिशेब. नवऱ्याला, धोंडीबाला, तिने बजावून ठेवलं होतं, फोनवर चकार शब्द काढायचा नाही. त्याचं त्याला कळू द्या.

महिनाभराने जाहिरात लागली. जुन्या वळणाचं गाणं, घंगाळ, दार. नटाच्या डोळ्यांत पाणी. आणि त्याच्या चेहऱ्यावरून फिरणारा हात, विंचवासकट, पडदाभर.

आठवड्याने फोन आला. धोंडीबाने आवाज मोठा केला, सरजाबाईही उंबऱ्यात येऊन टेकली. शिवशंकरने जाहिरात पाहिली होती. एकदा नाही, दहादा.

“आई, त्याच्यात कुण्या म्हातारीचा हात दाखवलाय. काय सांगू तुला, रडूच आलं. दुसऱ्या दिवशी जाऊन तीच गाडी बुक केली.”

भिवराबाईने उजवा हात पदराखाली घेतला. कधी येतोस, एवढंच विचारलं.

दिवाळीत आठ दिवस पोरांना घेऊन गोव्याला जायचं ठरलंय, तो म्हणाला. गावाकडचे रस्ते खराब, आणि गाडी नवी. बघू पुढं. मग त्याला कुणीतरी हाक मारली आणि फोन बंद झाला.

सरजाबाई घसा खाकरून, मोठ्या कंपन्या माणसाला सोडतच नाहीत, असं काहीतरी म्हणाली. धोंडीबा धोतराच्या सोग्याने फोन पुसत राहिला. लय काम असतंय त्याला, तो म्हणाला.

“काम बिम काही न्हाई,” भिवराबाई म्हणाली. “त्याला आपण नको हावोत.”