पूर्ण संधी

चौकशी होती टायपिस्टचीच. आपल्या बचावात काय बोलायचं ते त्याने बायकोपुढे घोकून घोकून पाठ केलं होतं. आत शिरला, तर साहेबांनी त्याला कॉम्प्युटरपुढची खुर्ची दाखवली.

"बसा. तुमच्याशिवाय इथं टायपिंग येतंय कुणाला?"

साहेब सांगू लागले, तशी सवयीने त्याची बोटं चालू लागली.

"कर्मचाऱ्यास आपली बाजू मांडण्याची पूर्ण संधी देण्यात आली. तथापि, त्याने बचावात एक शब्दही उच्चारला नाही. सबब त्यास बडतर्फ करण्यात येत आहे."

त्याची बोटं थांबली.

"साहेब, पण मी अजून काही बोललोच नाही!"

"मग? तेच तर लिहितोय आपण." साहेब स्क्रीनकडे वाकले. "आणि 'बडतर्फ'चा रफार राहिलाय, तेवढा द्या."