मुकं रीळ

"वहिनी, पडद्यावर जो दिसेल त्याचे ओठ वाचायचे," साहेब तिच्याकडे तोंड वळवून म्हणाले. "मोठ्याने. माईक चालू आहे."

म्हातारीने मान डोलावली. गिरणीने तिचे कान खाल्ले होते. पण त्या गोंगाटात सगळे ओठांवरच बोलायचे. ती विद्या कुठे जाते?

साहेबांचे डोळे गेले होते. कामगारांवर अकरा सिनेमे काढले, आता समोर कोण बसलंय तेही दिसत नव्हतं. त्यांच्या पहिल्या सिनेमाचं एक मुकं रीळ गोदामात सापडलं होतं.

"तेव्हा माणसं नव्हती गं हाताशी," ते एडिटर पोरीला सांगत होते. "कॅमेरा तिपाईवर ठोकायचा आणि बाकीचं मीच पळून पळून करायचं. पण पडद्यावर गिरणीचं मशीन फिरतंच हवं! बंद मशीन म्हणजे मढं."

पोरीने रीळ लावलं.

म्हातारी एवढ्यासाठीच आली होती. त्या रिळात तरी नवऱ्याला एकदा हलताना बघायचं होतं. कापूस पिंजायच्या मशीनने त्याला गिळलं, तेव्हा घरात त्याचा साधा फोटो नव्हता.

दोन पोरं दिसली. म्हातारी वाचू लागली. "हा म्हणतोय, मुकादम नवरदेवासारखा नटलाय. तो म्हणतोय, कॅमेरा बघून गाढवपण पावडर लावतं."

साहेब पोट धरून हसले. "पुढे?"

पुढे नवरा आला. कॅमेऱ्याकडे बघून लाजला, बाह्या सारल्या आणि अडकलेला कापूस काढायला बंद मशीनच्या पोटात शिरला. नुसते पाय बाहेर राहिले.

म्हातारी पडद्याकडे सरकली.

"सर, रडतायत त्या," पोरगी म्हणाली.

"रडू दे. तेही घे. छान लागेल."

मग पडद्यावर भाऊ आला. तिचा धाकटा भाऊ.

मशीनचा खटका यानेच दाबला. साहेबांनी चौकशीत तसं सांगितलं होतं, सिनेमातही तसंच म्हटलं होतं. भावाची नोकरी गेली. दर वर्षी तो दारात येऊन काहीतरी बोलायचा आणि ती पाठ फिरवायची. पाठ फिरवली की तिच्यासाठी बोलणं संपलंच. चाळीस वर्षं तिने त्याचे ओठ बघितले नाहीत. गेल्या हिवाळ्यात तो गेला. तेव्हाही ती तोंड बघायला गेली नाही.

आता तो पडद्यावर होता. कॅमेऱ्याच्या शेजारी बघत, दोन्ही हात हलवत, जिवाच्या आकांताने ओरडत होता.

तिने डोळे पुसले. नीट बघितलं.

"थांबलात का?" साहेब पुढे वाकले. "काय म्हणतोय? मोठ्याने, वहिनी. एक शब्द सोडायचा नाही."

म्हातारीने माईक जवळ ओढला.

"म्हणतोय, साहेब, खटक्यावरचा हात काढा. दाजी आत आहेत."