परिच्छेद सहा

"हे उत्तर विभागाचंच आहे ना?" न्यायाधीशांनी चष्मा कपाळावर चढवला.

"विभागाचंच, साहेब," विभागाचे वकील म्हणाले. "अर्जातल्या प्रत्येक परिच्छेदाला वेगळं उत्तर दिलंय. खाली सही मुख्य अधिकाऱ्यांची."

"सही दिसली मला. लिहिलंय कुणी?"

वकिलांनी मागे पाहिलं. मागच्या बाकावरचे मुख्य अधिकारी उठले, घसा खाकरला आणि समोर उभ्या असलेल्या अर्जदार बाईंकडेच बोट केलं. "यांनी."

कोर्टात हशा पिकला. बाई हसल्या नाहीत. त्या आस्थापना शाखेच्या हेडक्लार्क. कुणी बदलीविरुद्ध कोर्टात गेलं की विभागाचं उत्तर त्यांनीच लिहायचं. कार्यालयात त्यांना सगळे नियमबाई म्हणत. या वेळी कोर्टात त्या स्वतः आल्या होत्या. नवऱ्याच्या दोन्ही किडन्या निकामी झाल्यात, बदलीच्या गावी डायलिसिसची सोय नाही, तेव्हा बदली रद्द करा, एवढीच मागणी. आणि दुसऱ्या कुणाला जमत नाही म्हणून उत्तराची फाइल नेहमीसारखी त्यांच्याच टेबलावर आली होती. चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या, असं कुणीही म्हणालं असतं.

न्यायाधीशांनी पान उलटलं. "परिच्छेद चार. एका जागी तीन वर्षांची मुदत असताना अर्जदार सात वर्षं आहेत. पतीच्या आजारपणासाठी त्यांची बदली आधी दोनदा थांबवलेली आहे. बाई, तुमच्या अर्जात हे कुठेच नाही."

बाईंच्या वकिलांनी कपाळाला हात लावला. अर्जातून ते या वकिलांनीच गाळलं होतं. "आपल्याच पायावर धोंडा मारून घेतलात," ते पुटपुटले.

"फायलीत आहे, साहेब," बाई न्यायाधीशांना म्हणाल्या. "लिहायलाच हवं."

"आणि त्यामुळे तुमचा अर्ज फेटाळला गेला तर?"

बाईंनी पर्सचा बंद घट्ट धरला. "तर ह्यांना घेऊन तिकडे जाईन. तिथून दवाखाना पाच तासांवर आहे. आठवड्यातून तीनदा ते ह्यांना झेपणार नाही." त्यांनी न्यायाधीशांकडे सरळ पाहिलं. "पण खोटं उत्तर मी कधी कुणाविरुद्ध लिहिलं नाही. आता स्वतःसाठी कसं लिहू?"

"मग हे उत्तर नेमकं कुणाच्या बाजूचं समजायचं मी?"

"फायलीच्या, साहेब."

या वेळी कुणी हसलं नाही. असा माणूस मिळाला म्हणून एखाद्या कार्यालयाने देवाचे आभार मानले असते. या कार्यालयाने त्यांची बदली केली होती.

"बाकी सगळं टाइप केलेलं आहे. सहावा परिच्छेदच तेवढा हाताने लिहिलेला का?"

मुख्य अधिकारी पुन्हा उठले. "ते माझं अक्षर, साहेब. त्यात बाईंच्या घरची अडचण आहे, म्हणून त्यांनी ती जागा कोरी सोडली होती. म्हणाल्या, खरं आहे असं मीच लिहिलं तर त्याला काय किंमत? तुम्ही जाऊन बघा, आणि दिसेल ते लिहा." ते थोडे ओशाळले. "मी न कळवता गेलो."

न्यायाधीशांनी सहावा परिच्छेद मनातल्या मनात वाचला. पुन्हा एकदा वाचला. मग लघुलेखकाकडे वळून म्हणाले, "बदलीचा आदेश रद्द."

बाई मटकन बाकावर बसल्या.

"साहेब!" विभागाचे वकील ताडकन उठले. "मुदत केव्हाच उलटलीय. नियम आमच्या बाजूने आहे. निदान कारण तरी कळू द्या."

"नियमाला अपवाद करता येतो. कारण तुमच्याच उत्तरात आहे. वाचा. मोठ्याने वाचा."

मुख्य अधिकाऱ्यांचं अक्षर म्हणजे कोंबडीचे पाय. वकील अडखळत वाचू लागले.

"परिच्छेद सहा. मी मंगळवारी दवाखान्यात समक्ष जाऊन आलो. अर्जदारांचे पती चार तास यंत्राला जोडलेले होते. अर्जदारांनी एका हाताने त्यांचा हात धरला होता. दुसऱ्या हाताने त्या विभागाच्या या उत्तरातल्या चुका दुरुस्त करत होत्या."