चेसिसवरचा काळा रंग

"नंबर कुठाय?" तपासणीच्या बाईंनी ट्रकखालूनच विचारलं. त्यांचे फक्त बूट बाहेर दिसत होते.

सुनेनं हातातली फाइल छातीशी घट्ट धरली. परमिट, फिटनेस, विमा, नवऱ्याचं लायसन, सगळे कागद तिनं ओळीनं लावून आणले होते आणि बाईंनी एकातही खोट काढली नव्हती. राहिला होता तो फक्त चेसिसवर कोरलेल्या नंबराचा ठसा. त्यावर कागद ठेवायचा, पेन्सिल फिरवायची, की झालं. कागदावरची गाडी आणि दारातली गाडी एकच, याला माल देणारी कंपनी तेवढाच पुरावा मानायची.

"पुढच्या चाकाच्या मागंच आहे बघा," नवरा वाकून म्हणाला. ट्रक तोच चालवायचा.

"इथं रंग आहे. नुसता काळाभोर रंग."

नवराबायकोनं एकदमच वर पाहिलं. सासरे नवा सदरा घालून केबिनच्या पायरीवर बसले होते. त्यांची नखं काळी होती.

"काल दिला," ते खुशीत म्हणाले. "चांगले दोन हात. म्हटलं, एवढी मोठी कंपनी आपली गाडी बघणार, तर खालनंसुद्धा चकाचक दिसू दे."

"बाबा, नंबरावर दिलात?"

"आता नंबर बघतात हे मला काय ठाऊक! आमच्या वेळी टायर बघायचे आणि ड्रायव्हरचं तोंड बघायचे."

हौसेला मोल नसतं म्हणतात, पण कधीकधी ती चांगलीच महागात पडते. कंपनीकडे माल उदंड आणि स्वतःच्या गाड्या अपुऱ्या, म्हणून ही खेप बाहेरच्या गाडीला मिळणार होती. वाटेत काही झालं तर नाव मात्र कंपनीचंच जाणार, म्हणून एवढी चिकित्सा. पहिल्या खेपेला पसंत पडलात तर पुन्हा बोलावणं, नाहीतर रामराम. घरात एकच गाडी, तीही निम्मे दिवस दारात उभी. या कामासाठी सुनेनं कंपनीला इतके फोन केले होते की तिकडची मुलगी आता तिला आवाजावरून ओळखायची.

बाई बाहेर आल्या, कपडे झटकत म्हणाल्या, "फलाटावरची गाडी भरून निघाली की तुमचा नंबर. तोवर ठसा द्या. नाहीतर मी मागच्याला आत घेते."

मागच्या ट्रकनं इंजिनसुद्धा बंद केलं नव्हतं.

"अहो, नंबर तोंडपाठ आहे मला," सासरे उठले. "लिहून घ्या."

"आजोबा, मलाही पाढे तोंडपाठ आहेत. ठसा हवा."

नवऱ्यानं पेटीतून तारेचा ब्रश काढला, तशा बाई कडाडल्या, "तो ठेवा आधी! आकड्यावर एक ओरखडा दिसला तरी मी गाडी चोरीची समजेन."

आता रडायचं की हसायचं, असा तो क्षण होता. सुनेनं दोन्हींतलं काहीच केलं नाही. तिनं फाइल बाईंच्याच हातात दिली, ओढणी कमरेला बांधली आणि सरळ ट्रकखाली शिरली.

"बाबा, थिनर आहे?"

"आहे की! ब्रश धुवायला आणलाय. सीटखाली आहे."

"आणि अहो, तुमचा दात घासायचा ब्रश द्या."

"माझा?"

"मग काय मागच्या गाडीवाल्याचा मागू?"

नवरा पळाला. सासरे सदऱ्याची पर्वा न करता सुनेशेजारी आडवे झाले आणि बाटलीतून थेंब थेंब थिनर सोडू लागले. ती हलक्या हातानं घासत होती. आधी नुसतं काळं पाणी ओघळलं, तिच्या कोपरापर्यंत आलं. मग एक बारीक रेघ दिसली.

"सात!" सासरे ओरडले. "सात निघाला!"

"बाबा, एक आहे तो."

"असू दे! निघाला ना!"

पुढचा आकडा निघाला, त्याच्या पुढचा निघाला. दर आकड्याला सासरे असे ओरडत होते की मागच्या ट्रकचा ड्रायव्हर खाली उतरून बघायला आला. "तिथं रंग राहिलाय, वहिनी, कडेला," असं म्हणत त्यानं बॅटरीचा उजेडही धरला. एकेक आकडा निघतोय तसतसा आपला माल हातचा जातोय, हे त्या भल्या माणसाच्या ध्यानातच आलं नाही.

फलाटावरून हॉर्न वाजला. भरलेली गाडी हलली.

"निघाले! सगळे निघाले!" सून खालून ओरडली. नवऱ्यानं चिंधीनं ओल टिपली. बाई पाठीवर सरकत आत गेल्या. त्यांनी नंबरावर कागद धरला, पेन्सिल फिरवली. करड्या रंगातून एकेक आकडा पांढरा उमटत गेला. त्या तो फाइलमधल्या आकड्याशी ताडून बघत होत्या, आणि ट्रकबाहेर चौघांनी, मागच्या ड्रायव्हरसकट, श्वास रोखून धरले होते.

बाई बाहेर आल्या. त्यांच्या पाठीला ग्रीस लागलं होतं. कागद फाइलला टाचून त्यांनी ती सुनेपुढं धरली. सही करताना सुनेची बोटं कागदावर काळी उमटली, पण बाईंनी त्याला हरकत घेतली नाही.

"लावा गाडी फलाटाला," त्या म्हणाल्या. "आणि पुढच्या वेळी येताना नंबरावर आधी चिकटपट्टी लावा, मग काय रंगवायचं ते रंगवा."

सून जागची हलली नाही.

"काय म्हणालात?"

"चिकटपट्टी."

"नाही, बाई. त्याच्या आधी."